पाणी दिलं तरी धार मुडपते, नाहीतर टवका उडतो: दोष पाण्यात की आगीत?

कोयता, छिन्नी, पटाशी, कुऱ्हाड अशी हत्यारं लहान भट्टीवर घडवणाऱ्यांची एकच तक्रार फिरून फिरून येते. पाणी दिलं, म्हणजे लाल तापवून झटकन बुडवलं, हत्यार कामाला घेतलं आणि दोन दिवसांत धार मुडपली. पुढच्या वेळी जास्त तापवून पाणी दिलं, तर पहिल्याच गाठीवर टवका उडाला. मग कुणी पाण्यात मीठ घालतं, कुणी पाणी सोडून तेल धरतं, कुणी तेलावरून पुन्हा पाण्यावर येतं, आणि शेवटी एखादी पात ‘टिच्’ आवाज करून बादलीतच तडकते.

यात पाण्याचा दोष क्वचितच असतो. दहापैकी बहुतेक वेळा चूक आधीच झालेली असते, भट्टीत, आणि नाव पाण्यावर येतं. म्हणून शोध शेवटापासून न घेता सुरुवातीपासून घ्यायचा: आधी पोलाद, मग आग, मग पाणी, मग टेम्पर (पाणी दिलेली पात पुन्हा हलकी तापवून ठिसूळपणा कमी करणं), आणि सर्वांत शेवटी ग्राइंडर.

पाणी देताना पोलादात काही शिरत नाही आणि त्यातून काही निघतही नाही. तरी मऊ करून ठेवलेल्या पट्टीपेक्षा पाणी दिलेली पट्टी जवळपास चौपट कडक भरते. किमयागार ज्याच्या मागे लागले होते ते हेच, वस्तू तीच आणि गुण वेगळा. साधारण ७२७ अंश सेल्सिअसच्या वर लोखंडाच्या अणूंची मांडणी बदलू लागते आणि एरवी वेगळा पडून राहिलेला कार्बन त्या मांडणीत विरघळतो, गरम पाण्यात साखर विरघळावी तसा. सावकाश निवू दिलं तर तो पुन्हा वेगळा होतो. झटकन थंड केलं तर त्याला बाहेर पडायला सवड मिळत नाही, तो अडकतो आणि सगळी मांडणी ताणली जाते. या ताणलेल्या अवस्थेला मार्टेनसाइट म्हणतात. जर्मन धातुशास्त्रज्ञ आडोल्फ मार्टेन्स यांच्यावरून हे नाव पडलं. हा ताण म्हणजेच कडकपणा, आणि ठिसूळपणाही तोच. मुडपणारी धार आणि उडणारा टवका ही एकाच गोष्टीची दोन टोकं आहेत, हे एकदा पटलं की बादली बदलत बसण्याची गरज उरत नाही.

पोलाद पाणी धरणारं आहे का?

साधी एमएस (माइल्ड स्टील, कमी कार्बनचं पोलाद) पट्टी कितीही वेळा लाल करून बुडवा, कोयत्याच्या उपयोगाची धार तिला येणार नाही. कडकपणा किती चढेल हे कार्बन ठरवतो. ०.२ टक्के कार्बनवर पाणी दिल्यानंतर कडकपणाच्या रॉकवेल सी मापावर जेमतेम ४५ च्या आसपास मिळतात, ०.४ टक्क्यांवर ५५ ते ५७, आणि ०.६ टक्क्यांवर ६३ च्या पुढे. त्यानंतर कार्बन वाढवून कडकपणा फारसा वाढत नाही. ईएन ८ या जातीच्या पोलादात कार्बन ०.४ टक्क्यांच्या आसपास असतो, म्हणून तो धारेच्या हत्याराला कमी पडतो. ईएन ९ मध्ये ०.५ ते ०.६ असतो, तो चालतो. गाडीच्या कमानीचे पाटे बहुधा ईएन ४५ किंवा एसयूपी ९ चे असतात. कार्बन दोन्हींत ०.५ ते ०.६, ईएन ४५ मध्ये सिलिकॉन जास्त, एसयूपी ९ मध्ये क्रोमियम. घिसाडी कारागीर कोयत्याला पाटाच पसंत करतात, त्यामागे हेच कारण आहे. बेअरिंगचं पोलाद ईएन ३१ म्हणजे सुमारे एक टक्का कार्बन. पटाशीला उत्तम, पण कोयत्याला फार करकरीत.

भंगारातल्या तुकड्यावर नाव लिहिलेलं नसतं. तो ग्राइंडरला हलकेच टेकवून ठिणग्या बघा. एमएसच्या ठिणग्या लांब, सरळ रेघांसारख्या जातात, फाटे तुरळक. कार्बन जास्त असला की त्याच रेघा वाटेतच फुटतात आणि भरगच्च फुलबाजी उडते. माहीत असलेला तुकडा शेजारी धरून तुलना केली तर अंदाज सहसा चुकत नाही.

जुन्या पाट्यात आणखी एक धोका असतो: वर्षानुवर्षं लवून लवून त्यात डोळ्यांना न दिसणाऱ्या भेगा पडलेल्या असतात. पाटा साफ करून त्याला रॉकेल लावा, अर्धा तास मुरू द्या, कोरडा पुसा आणि वर खडू फासा. भेग असली तर आतलं रॉकेल खडूत उतरतं आणि केसासारखी ओली रेघ उमटते. मधल्या बोल्टच्या भोकाजवळचा आणि तुटलेल्या टोकाजवळचा भाग तर घेऊच नका. ही तपासणी न करता घडवलेला कोयता तडकला की दोष पुन्हा पाण्यालाच लागतो.

आग: इथेच सगळं बिघडतं

तापमान कमी पडलं तर कार्बन पूर्ण विरघळत नाही, पाणी अर्धवट बसतं आणि धार मुडपते. तापमान जास्त झालं तर पोलादाचे कण फुगून मोठे होतात आणि पाणी देताच धार काचेसारखी होते, टवका उडतो. मधली पट्टी अरुंद आहे. एसयूपी ९ ला ८३० ते ८५०, सिलिकॉनवाल्या ईएन ४५ ला ८७० ते ९००, ईएन ९ ला ८१० ते ८४०, ईएन ३१ ला ८१५ ते ८४५ अंश. उन्हात बसून रंगावरून हे जोखता येत नाही. भर दुपारी जो रंग ‘अजून थोडा कमी’ वाटतो, तोच संध्याकाळी भगभगीत केशरी दिसतो. पाणी द्यायची भट्टी सावलीत, शक्यतो अंधाऱ्या कोपऱ्यात हवी.

अंधारात एक गोष्ट उघड्या डोळ्यांनी दिसते. पात लाल होत असताना तिच्या अंगावर काळसर ढगासारखी एक छाया उमटते. जाड भागावर ती जास्त वेळ रेंगाळते, पातळ धारेवरून लवकर निघून जाते. अणूंची मांडणी बदलताना उष्णता आत खर्ची पडते, तेवढा वेळ तो भाग आजूबाजूपेक्षा मंद दिसतो. ही छाया धारेवरून सरकत सरकत पूर्ण विरली की बदल पार पडला. त्यानंतर तापमान थोडंसंच वाढवून दोन-तीन मिनिटं सारखं राखायचं असतं. ज्याला ही छाया ओळखता आली त्याला थर्मामीटर नसला तरी चालतं.

बाकी सगळे चुंबकावर अवलंबून राहतात, आणि नेमकी तिथेच फसगत होते. लोखंडाचं चुंबकत्व ७७० अंशांला जातं, काही पोलादांत त्याहीआधी. म्हणजे चुंबक सुटला त्या क्षणी पाट्याचं पोलाद पाणी द्यायच्या तापमानाला अजून ६० ते १३० अंश कमी असतं. ‘चुंबक सुटला की बुडवा’ हा सल्ला शब्दशः पाळणाऱ्यांचीच धार मुडपते. दुसरी खूण स्वयंपाकघरात आहे. साधं मीठ ८०१ अंशांला वितळतं. चष्मा लावून, तापलेल्या पातीवर कोरड्या मिठाची छोटी चिमूट टाका. ते आधी मोहरीसारखं तडतडेल. तापमान ८०१ च्या खाली असेल तर पांढरंच राहील, वर गेलं की पाण्यासारखं चकाकत पसरेल. मीठ वितळल्यावर एसयूपी ९ ला एक-दोन मिनिटं अजून, ईएन ४५ ला त्याहून थोडं जास्त.

भाता किंवा ब्लोअर जोरात असला तर जास्तीची हवा पोलादाच्या पृष्ठभागावरचा कार्बन जाळून टाकते. वरची दोन-तीन दशांश मिलिमीटर कातडी मऊ होते आणि आतलं पोलाद ठीक असतं. पाणी दिल्यावर कानस फिरवली की ती धरते, माणूस म्हणतो पाणी बसलंच नाही, आणि तोच कोयता पुन्हा तापवून आणखी कार्बन घालवतो. असं वाटलं तर आधी त्याच जागी ग्राइंडरने थोडं खोल घासून पुन्हा कानस लावा. खाली कानस घसरली तर पाणी उत्तम बसलंय, फक्त कातडी काढायची आहे. यावर कायमचा इलाज म्हणजे भट्टीत जाड लोखंडी पाइप आडवा ठेवायचा, एक तोंड बंद, आत मूठभर लोणारी कोळसा, आणि पात त्या पाइपात तापवायची. हवा लागत नाही, उष्णता सगळीकडे सारखी मिळते. पाइप काळा घ्यावा. जस्ताचा मुलामा असलेला पाइप भट्टीत घालू नये, त्याचा धूर विषारी असतो.

तीन पट्ट्यांची चाचणी

एक पाटा घेतला की त्यातून कोयता घडवण्याआधी २५ मिमी रुंद आणि १०० मिमी लांब अशा तीन पट्ट्या कापा. पाटा जाड असेल तर ठोकून ५ मिमीवर आणा. एवढ्या कष्टांत पुढचे सगळे कोयते वाचतात, म्हणून ही चाचणी टाळू नये.

पहिली पट्टी चुंबक सुटताक्षणी बुडवा. दुसरी छाया विरल्यावर आणि मीठ वितळल्यावर, वर सांगितलेल्या बेताने. तिसरी मुद्दाम भगभगीत केशरी करून. तिन्ही एकाच तेलात, एकाच पद्धतीने. निवल्यावर नवीन कानस फिरवा: पहिलीवर ती थोडीफार धरेल, दुसरी आणि तिसरीवर काचेवर घसरावी तशी घसरेल. इथेच थांबणारा फसतो, कारण दुसरी आणि तिसरी यांतला फरक कानशीला कळत नाही. तो कळतो मोडीत, म्हणजे पट्टी तुटते त्या जागी. पट्टी व्हाइसमध्ये अर्धी धरा, वर जाड फडकं टाका, चष्मा लावा आणि हातोडीचा एक फटका द्या. पहिली आधी जराशी वाकेल, मग तुटेल. दुसरीची मोड करड्या मखमलीसारखी, कण वेगळे न दिसणारी. तिसरी हलक्या फटक्यात तुटते आणि मोडीत जाड रव्यासारखे चमचमते कण दिसतात. टवके उडणाऱ्या प्रत्येक कोयत्याच्या आत हाच रवा असतो.

रवा पडलेलं पोलाद फेकून द्यायची गरज नाही. कण पुन्हा बारीक करता येतात. पात सुमारे ८७० अंशांपर्यंत तापवा, काढा, वारा लागणार नाही अशा जागी हवेत टांगून काळी होऊ द्या. मग ८३० पर्यंत, पुन्हा हवेत. मग ७९० पर्यंत, पुन्हा हवेत. याला नॉर्मलायझिंग म्हणतात. घडाई संपल्यावर आणि पाणी देण्याआधी हे तीन फेरे प्रत्येक हत्याराला द्यायलाच हवेत. ठोकताना पोलाद पिवळसर होईपर्यंत तापलेलं असतं, त्या वेळी फुगलेले कण तसेच राहतात. एकदा पाणी दिलेली पात बिघडली म्हणून पुन्हा पाणी द्यायचं असेल, तरीही आधी हे फेरे. सरळ दुसऱ्यांदा बुडवलेल्या पाती सर्वांत जास्त तडकतात.

पाणी की तेल?

पाट्याच्या पोलादाला तेल. साध्या कार्बनच्या पोलादाला, विशेषतः जाड छिन्नीला, पाणी किंवा मिठाचं पाणी. क्रोमियम किंवा सिलिकॉनमुळे कार्बनला बाहेर पडायला जास्त वेळ लागतो, तेव्हा तेलाचा वेग पुरतो. पाणी त्याला नुसतं तडकवतं. साध्या कार्बनच्या पोलादाला मात्र एका सेकंदाच्या आत ५५० अंशांच्या खाली यावं लागतं.

तेल शेंगदाण्याचं किंवा सोयाबीनचं चालतं. एक किलो पोलादाला किमान ८ लिटर, ५० ते ६० अंश कोमट केलेलं. थंड तेल घट्ट असतं, पातीला चिकटून राहतं आणि उष्णता सावकाश ओढतं. पाण्याचं नेमकं उलटं. पाणी कोमट केलं की पातीभोवती वाफेचं पांघरूण जास्त वेळ टिकतं आणि त्या जागी मऊ ठिपके राहतात. म्हणून पाणी २० ते ३० अंशांवरच ठेवा. दहा लिटरला ८०० ग्रॅम ते १ किलो मीठ घातलं की ते पांघरूण लगेच फुटतं. मिठाचं काम एवढंच आहे, त्याने पोलादात काही जात नाही. गाडीचं जळकं इंजिन ऑइल वापरू नका, त्याचा धूर वाईट. भांडं लोखंडीच हवं, त्याला झाकण हवं, आणि शेजारी कोरड्या वाळूची बादली. पेटलेल्या तेलावर पाणी ओतलं तर तेल अंगावर येतं.

बुडवताना पात सुरीने कापावं तशी धारेच्या दिशेने आत जावी. मग पुढे-मागे किंवा वर-खाली हलवा, बाजूला नाही. बाजूला हलवलं की एक अंग आधी थंड होतं आणि पातीला पीळ बसतो. पीळ पडलाच तर आठ-दहा सेकंदांत तेलातून बाहेर काढा. पात अजून २०० अंशांच्या आसपास असते, हातमोजे घालून लाकडी ठोकळ्यांमध्ये दाबून सरळ होते. पूर्ण निवल्यावर सरळ करायला गेलात तर दोन तुकडे हातात येतील.

तडा जाण्याची आणखी काही कारणं आगीशी संबंधित नाहीत. पाणी देण्याआधीच धार कागदासारखी पातळ केलेली असते. तिथे किमान एक-दीड मिमी जाडी ठेवा, उरलेली नंतर घासा. ग्राइंडरचे ओरखडे धारेला आडवे राहिलेले असतात. प्रत्येक ओरखडा तड्याची सुरुवात असते, म्हणून ते लांबीच्या दिशेने पुसून घ्या. मुठीकडच्या टोकाला काटकोनी कोपरा कापलेला असतो. तो गोल करा.

टेम्पर: आज नाही, आत्ता

बादलीतून निघालेली पात हात लावता येईल इतकी निवली की लगेच टेम्परला घालायची. ‘उद्या करू’ म्हणून ठेवलेली पात रात्री कुणी हात न लावता तडकते.

पात घासून चकचकीत केली की तापवताना तिच्यावर रंग चढतात. २१० ते २२५ ला फिकट पिवळा, २३० ते २४० ला गवती (वाळल्या गवतासारखा), २५५ ला तपकिरी, २७० ते २८० ला जांभळा, ३०० ला निळा. पटाशीला पिवळा ते गवती. लोखंडकामाच्या छिन्नीला जांभळा. कोयत्याला जांभळा ते निळा, रॉकवेल ५२ ते ५५. कोयता यापेक्षा कडक ठेवायचा मोह आवरा. उसाच्या फडात धार कानशीनेच काढली जाते. कानस धरलीच नाही तर तो कोयता तोडणी करणाऱ्याच्या काय कामाचा? शिवाय ऊस जमिनीलगत तोडावा लागतो, तिथे खडे असतात, पिकलेल्या बुंध्याच्या गाठी असतात. अडीचशे वेळा कानस मारावी लागली तरी चालेल, पण टवका उडून कुणाच्या पायावर जाता कामा नये.

रंगाच्या भरवशावर राहताना दोन चुका होतात. हा रंग फक्त तापमानाचा नसतो, वेळेचाही असतो. २३० अंशांवर तासभर ठेवलेली पात २७० अंशांचा रंग दाखवू शकते. म्हणून ओव्हन वापरत असाल तर रंग विसरा आणि के टाइप थर्मोकपल (तापमान मोजणारी तार) लावून तापमान बघा. घरच्या ओटीजीची चकती सहज १५-२० अंश चुकते. दुसरी चूक क्रोमियमच्या पोलादावर होते: त्याच्यावर रंग उशिरा चढतो, म्हणजे रंग दिसेपर्यंत पात जास्त मऊ झालेली असते. ओव्हन नसेल तर लोखंडी कढईत तीन बोटं जाड कोरडी वाळू, त्यात पात पुरून आणि थर्मोकपल खुपसून मंद आच. एक तास, मग हवेत निववून पुन्हा एक तास.

छिन्नीची रीत वेगळी, कारण तिला एकाच अंगाला दोन स्वभाव हवेत. टोकाकडून ६० मिमी तापवा. फक्त २५ मिमी पाण्यात धरा आणि तेवढ्यात वर-खाली हलवत राहा, नाहीतर पाण्याच्या रेषेवर तडा जातो. बाहेर काढून विटेच्या तुकड्याने टोक पटकन चकचकीत करा. मागच्या भागात राहिलेली उष्णता टोकाकडे येते आणि तिच्याबरोबर रंग सरकत येतात: पिवळा, तपकिरी, जांभळा. जांभळा धारेला टेकला की पूर्ण छिन्नी बुडवा. डोकं मऊच राहू द्या. डोक्यालाही पाणी देणाऱ्याच्या हातोडीखालून पोलादाचे तुकडे गोळीसारखे उडतात आणि डोळा जातो.

सगळं बरोबर, तरी पाणी उतरतं

कानस घसरली, मोड मखमली, टेम्पर बेतशीर, आणि तरीही वापरल्यावर धार एका ठराविक जागी मुडपते. अशा वेळी ग्राइंडर तपासा. ५ मिमीच्या पातीला काही होत नाही, पण धारेजवळ अर्धा मिमी जाडी उरली की एका सेकंदाच्या दाबात ती ३०० च्या वर जाते. नखाएवढा निळा डाग दिसला की तिथलं पाणी उतरलं. लगेच पाण्यात बुडवल्याने ते परत येत नाही, कारण उतरायचं ते आधीच उतरलेलं असतं. ग्राइंडरला नवीन पट्टा लावा, वेग कमी करा, हातमोजे काढून पात उघड्या बोटांनी धरा आणि चटका लागण्याआधी दर फेऱ्याला बुडवा. डाग पडलाच असेल, तर तो पूर्ण संपेपर्यंत धार मागे घ्या, दोन मिमी गेली तरी हरकत नाही. निळं संपलं की एक-दीड मिमी आणखी मागे जा, कारण डागाच्या कडेचा, रंग न दिसणारा भागही मऊ झालेला असतो, आणि मग हाताने दगडावर नवीन धार काढा.